कडगणित आणि तळेगावचं स्थळ

माझा आवाज मोठा आहे असं जे म्हणतात त्यांनी तो ऐकलेलाच नाही. आज घशात उरला आहे तो नुसता गाळ. खरा आवाज होता तेव्हा मी कुरवंड्याला आमच्या परसात उभी राहून म्हशीला हाक मारायचे आणि तिकडं घाटात थांबलेली गाडी सुटायची. गार्डाला वाटायचं ड्रायव्हरनं शिट्टी दिली, ड्रायव्हरला वाटायचं गार्डानं. माझे धाकटे दीर हे ऐकलं की अजून मान हलवतात. त्यांनी खुशाल हलवावी. ते जन्मले तळेगावच्या सपाटीवर, त्यांना कड्यासमोर वाढलेल्या माणसाचं काय कळणार? माझं जन्माचं पहिलं रडू फुटलं तेव्हा सुईणीचा डावा कान गेला तो गेलाच. पुढं गावात कुठं दिसले की ती बाई लांबूनच उजव्या कानावर पदर ओढून घ्यायची. उरलेला एक तरी राहावा म्हणून.

आमचं घर गावाच्या शेवटी, म्हणजे त्याच्या पुढं घर बांधायचं तर ते हवेतच बांधावं लागलं असतं. मागं भाताची खाचरं, पुढं अंगण, अंगणापुढं एक टेकाड, आणि टेकाडापलीकडं जमीन संपायची. समोर नागफणी. साहेब लोकांना त्या सुळक्यात त्यांच्या कुणा सरदाराचं नाक दिसलं म्हणे. आम्हाला नाग दिसायचा. घरात माणसं तीनच, आबा, आई आणि मी, पण गलबला भरल्या बाजाराचा. पहाटे जातं, मग ताकाचा डेरा, मग आबांचं घसा खाकरणं, आणि या सगळ्याच्या खाली दिवसरात्र घाटातून येणारी इंजिनांची धाप. एक इंजिन पुढून ओढायचं, एक मागून ढकलायचं, आणि दोघांचं कधी एकमत नसायचं. वाऱ्याचं तर विचारू नका. पावसाळ्यात दरीत पडलेलं पाणी वारा उलटं वर आणून आमच्या अंगणात टाकायचा. आईनं एकदा दारात परात मांडली आणि त्या उलट्या पाण्यात भात शिजवला. तो भात खाल्ल्यावर आबांना दोन दिवस पोटात काहीतरी वर चढतंय असं वाटत होतं. सुगी आटोपली की ओढ्यातले खेकडे यायचे. आई त्यांचे बारके पाय पाट्यावर वाटून रस गाळायची, त्यात आमसूल आणि चुलीत भाजलेला कांदा, आणि असं काही लालभडक कालवण व्हायचं की नाचणीची भाकरी ताटात पडायच्या आतच अर्धी व्हायची. आज आमच्या घरात खेकडा आणला तर सुना नाक दाबतात. मी म्हणते, नाक दाबा पण तोंड उघडं ठेवा.

एवढं सगळं असून मला तिथं चैन नव्हती. बसले की उठावंसं वाटे, उठले की जावंसं वाटे, आणि जायला जागा नव्हती, तीन बाजूंनी दरी. तळपायाला सदा खाज. आई म्हणायची भोवरी झाली असेल, दगडानं घासायची, पण ती पायातली खाज नव्हतीच. खरं सांगायचं तर मला माझ्याच बोलण्याचा कंटाळा आला होता. कुरवंड्यात काही बोललं की ते परत यायचं. सकाळी आईशी भांडावं तर दुपारी भांडी घासताना तेच शब्द समोरून अंगावर यायचे, आणि आपलेच असल्यामुळं उलट उत्तरही देता यायचं नाही. मला असं गाव हवं होतं जिथं माणसानं बोलावं आणि बोललेलं सरळ निघून जावं. तळेगाव तसं आहे असं मी ऐकलं होतं. सपाट, मोठं, गाड्या थांबणारं, आणि हाक मारली तर ती थेट पुण्याकडं निघून जाणारं.

आता कडगणिताचं सांगते, कारण त्याशिवाय पुढचं कळायचं नाही. शाळेतलं गणित पाटीवर असतं. आमचं कड्यावर असायचं. हे गणित आमच्याच घराण्यात होतं आणि त्याच्यासाठी आबांकडं लांबलांबून माणसं यायची. जे मोजता येत नाही ते मोजायचं काम कडगणिताचं. औंढ्याची एक बाई यायची, तिची कोंबडी रानात कुठंतरी अंडी घालायची, ती किती झाली ते तिला हवं असायचं. लोणावळ्याचा पाववाला यायचा, उद्या गाडीतून किती भुकेली माणसं उतरतील ते विचारायला. रीत अशी. आधी आबा टेकाडावर उभे राहून प्रश्न कड्याला सांगायचे. त्या प्रश्नाबरोबर त्यांचा आवाजही जायचा, आणि उत्तर येईपर्यंत आबा मुके. मग जमलेल्यांनी एकेक करून आपापला आकडा दरीपार टाकायचा. कडा त्यातलं चुकीचं तेवढं गिळायचा आणि बरोबर तेवढं परत द्यायचा, आबांच्याच आवाजात. उत्तर आलं की आवाज आबांच्या घशात परत. एवढ्यात तव्यावरची भाकरी उलटायचीसुद्धा वेळ येत नसे.

मात्र आकड्यांचे स्वभाव माहीत पाहिजेत. सात जड. तो नीट फेकला नाही तर मध्येच दरीत पडतो. खालच्या गुराख्यांच्या डोक्याला सात लागून आलेली टेंगळं मी स्वतः पाहिली आहेत. नऊ कड्याला चिकटतो आणि दोन दिवसांनी भलत्याच माणसाकडं परत येतो. पाच लांब जातो पण रेंगाळत. पावकी-निमकीतले आकडे जमिनीकडं तोंड करून पुटपुटायचे, नाहीतर वारा नेतो. दीड हा आकडा तर इतका उतावीळ की म्हणायच्या आधीच परत येतो. आणि एक. एक सगळ्यांत हलका, सगळ्यांत चपळ, बंदुकीच्या गोळीसारखा. पण कड्याकडं तोंड करून जे कधीच म्हणायचं नाही ते म्हणजे पूज्य. त्या वेळी शून्याला आम्ही पूज्यच म्हणायचो. पूज्याला वजन नाही. ते सावरीच्या कापसासारखं तरंगत जातं, सावकाश, पण कड्याला टेकलं की तोवर टाकलेलं सगळं पुसून टाकतं, प्रश्न विचारणाऱ्याचा आवाजसुद्धा. माझ्या पणजोबांनी एकदा तापाच्या भरात पूज्य म्हटलं आणि नंतरचं सगळं आयुष्य म्हशींना टाळ्या वाजवून बोलावलं.

आणखी एक रीत होती, आणि सगळं घोडं पुढं तिथंच अडलं. शेवटचा आकडा पाहुण्याचा. पंगतीत शेवटचा विडा जसा मानाचा तसा हा आकडा मानाचा. पाहुण्यानं काय टाकावं हे त्याला सांगायचं नाही. अमुक म्हणा, तमुक म्हणू नका असं पाहुण्याला सांगणं म्हणजे त्याच्या ताटातले घास मोजणं. आजवर ते सांगायची पाळीही आली नव्हती, कारण आमच्याकडं येणारी माणसं आसपासचीच असायची आणि पूज्याची भीती त्यांना आईच्या दुधातूनच मिळालेली असायची.

तर तळेगावचं स्थळ. मुलगा काचेच्या कारखान्यात कामाला, वडील लहानपणीच गेलेले, घरात आई, धाकटा भाऊ आणि काका. घर चालायचं काकांच्या शब्दावर. काकांना सगळं तळेगाव तात्या म्हणायचं. स्टेशनावर त्यांचे टांगे होते आणि आवाज असा की घोडे चाबकाशिवाय चालत. निरोप आला तो असा, की बाकी काही नको, हुंडा नको, फक्त मुलगी अबोल पाहिजे. आमच्या घरात एकच आवाज चालतो, दुसरा मावायचा नाही. मध्यस्थानं छातीवर हात ठेवून सांगितलं होतं की कुरवंड्याची मुलगी म्हणजे मुकी गाय. मध्यस्थ लोणावळ्यात राहायचा आणि माझा आवाज त्यानं ऐकलेला नसणं शक्यच नव्हतं, पण त्याला बहुधा ते इंजिन वाटलं असावं.

मला ते स्थळ हवं होतं. मुलगा मी बघितलाही नव्हता. मला तळेगाव हवं होतं. आणि मला अबोल करायचं काम आईनं अंगावर घेतलं. पाहुणे यायचे म्हणून कळल्यापासून तिनं माझ्या जिभेखाली एक अख्खी सुपारी ठेवली. जेवताना काढायची, झोपताना काढायची, बाकी वेळ तोंडात. सुपारीनं माझा आवाज खरंच बसला, पण तो बाहेर यायला जागा नसल्यामुळं आत फिरायला लागला. कानात घुमायचा, गुडघ्यांत घुमायचा. मी पाण्याची घागर डोक्यावर घेतली की घागरीतल्या पाण्यावर लाटा उठायच्या. आबांना ते बघवत नसे. एकदा त्यांनी आईला हळूच म्हटलं की पोर अशानं फुटंल. आई म्हणाली, फुटली तर तळेगावात जाऊन फुटू दे.

पाहुणे आले ते मार्गशीर्षात, हवा काचेसारखी स्वच्छ असताना. तात्या आणि मुलाची आई, दोघंच. मुलाला कारखान्यातून रजा मिळाली नव्हती. तात्या म्हणजे दिलदार माणूस, उगाच कशाला खोटं लिहू. अंगणात पाऊल टाकल्यापासून ते बोलत होते, आणि बोलण्यात सगळं घोड्यांचं. कुठल्या घोड्यानं कुठल्या साहेबाला कुठं पाडलं, कुठला घोडा गाडीचं वेळापत्रक पाठ म्हणून दाखवतो. त्यांच्या गप्पा ऐकताना मला पहिल्यांदाच वाटलं की जगात माझ्या जातीचं कुणीतरी आहे. माझ्या जिभेखालची सुपारी अशी उड्या मारायला लागली की मला दातांनी ती धरून ठेवावी लागली. मुलाची आई मात्र भिंतीला टेकून बसली होती, लुगड्याचा काठ बोटाला गुंडाळत, आणि दिवसभरात एक अक्षर बोलली नव्हती. तात्यांनी तिच्याकडं बघितलं की ती मान हलवायची, एवढंच. अबोल म्हणजे कसं हवं होतं ते मला तिच्याकडं बघून कळलं, आणि तळपायाची खाज एकदम गुडघ्यापर्यंत आली. माझं नाव विचारलं. मी सुपारीच्या बाजूबाजूनं हौसा म्हणाले, ते कुणाला ऐकूही गेलं नाही. तात्या खूष झाले.

खेकड्याचं जेवण झालं. गोडाच्या शेवया आईनं मागं ठेवल्या होत्या, कारण आमच्यात बोलणी पक्की झाली की मगच गोड वाढतात. आणि नेमकं त्याच वेळी, हात धुता धुता, तात्यांनी समोरच्या कड्याकडं बोट केलं आणि आबांना विचारलं की तुमच्या त्या दगडाच्या गणिताचं ऐकून आहे, ते खरं की गंमत? विचारण्यात कुचेष्टा नव्हती, पोटभर जेवलेल्या माणसाची खुशी होती. आबांनाही जरा चढलंच. व्याह्यासमोर कला दाखवायची कुणाला आवडत नाही? सगळे टेकाडावर गेलो. पुरुष पुढं, आम्ही तिघी बायका कारवीच्या जाळीपाशी. घाटात बोगद्याच्या तोंडातून धूर यायला लागला होता, गाडी आत होती आणि दिसत नव्हती. तात्या म्हणाले, मालगाडीला डबे किती ते सांगा, बाहेर आली की मी मोजतो.

आबांनी प्रश्न टाकला. त्यांचा आवाज दरीपार गेला आणि ते मुके होऊन हसत उभे राहिले. आईनं हळूच पंधरा टाकले. मुलाच्या आईनं मान खाली घातली, तिनं काहीच टाकलं नाही. माझ्या तोंडात सुपारी. मग आबांनी तात्यांकडं बघून दोन्ही हात जोडले, म्हणजे शेवटचा मान तुमचा. तात्यांना गंमत सुचली. बोगद्यात इंजिन एकटंच धापा टाकतंय, माणसाला येड्यात काढतंय, असं काहीतरी म्हणून ते हसले, छाती भरून घेतली आणि टांग्यातून गर्दी हटवायच्या आवाजात कड्यावर फेकलं, "डबे? पूज्य!"

आईच्या हाताची बोटं माझ्या मनगटात रुतली. पूज्य दिसत नाही, पण ऐकू येतं, रिकाम्या घागरीला कान लावल्यावर येतं तसं. ते दरीवर निघालं. सावकाश, कुणाची घाई नसल्यासारखं. ज्या घारीच्या पोटाखालून ते गेलं तिची ओरड अर्ध्यावर पुसली गेली. घार चोच उघडून तशीच गिरक्या घेत राहिली. आबांचं हसू गेलं. ते ओठ हलवत होते आणि ओठांतून वारासुद्धा येत नव्हता. ते तात्यांना रागानं काही म्हणत असतील असं मला वाटलं, पण नाही, ते हात हलवून त्यांना समजावत होते की तुमची चूक नाही.

तात्यांनी विचारलं, काय झालं, ह्यांना बोलाया का येईना? आईनं पदर तोंडावर धरून सगळं सांगितलं: ते पलीकडं टेकलं की ह्यांचा आवाज गेला, कायमचा. हा माणूस आवाजावर जगलेला. आवाज जाणं म्हणजे काय ते त्याला सगळ्यांहून जास्त कळलं. त्यांनी टेकाडाच्या टोकाला धावत जाऊन सुटलेल्या घोड्याला आवरावं तसं ओरडायला सुरुवात केली, हो हो, थांब रे, हो. पूज्य कशाला थांबतंय? मग त्यांनी त्याच्यापुढं सात टाकला, तो जड, पडला दरीत. नऊ टाकला, तो भलतीकडं गेला.

मला काय करायचं ते कळलं होतं. पूज्य एकटं पोचलं तर सगळं पुसतं. आईचे पंधरा चुकीचे म्हणून कड्यानं केव्हाच गिळले होते. पण पूज्याच्या ऐन पुढं एखादा आकडा कड्याला टेकला, तर तो गिळला जायच्या आत पूज्य त्याच्या मागं जाऊन लागतं आणि पुसण्याऐवजी वाढवतं. एकावर पूज्य दहा, हे तर बिगरीतलं पोर म्हणतं. पण पूज्य अर्धी दरी ओलांडून गेलं होतं. त्याला गाठून पुढं जायचं तर एकच, एक. आणि तो एक असा फेकायला आख्ख्या मावळात एकच गळा, आणि त्या गळ्यात सुपारी, आणि ती सुपारी काढली की तळेगाव गेलं. हे सगळं माझ्या डोक्यात किती वेळ चाललं ते मला सांगता येत नाही. मी आईकडं बघितलं. आई आबांच्या ओठांकडं बघत होती. आबा आता कुणाला समजावत नव्हते, दरीकडंही बघत नव्हते; ते माझ्याकडं बघून मान हलवत होते, नको, नको म्हणून. आईनं माझं मनगट सोडलं.

मी सुपारी थुंकले आणि हाक मारली.

पुढचं लिहिलं तर तुम्ही विश्वास ठेवणार नाही, पण मी लिहिणार. इतके दिवस आत कोंडलेला आवाज होता तो. कारवीची पानं त्या बाजूनं जी वाकली ती पुढं फुलोऱ्यापर्यंत वाकडीच राहिली. तात्यांचा फेटा सुटून दोन झाडांवर एकदम अडकला. लोणावळ्यात पाववाल्याच्या भट्टीतला सगळा पाव बसला, आणि गावातली यच्चयावत कुत्री आपापल्या मालकाच्या पाठीमागं जाऊन उभी राहिली. तो एक दरीवरून असा गेला की मधला इंजिनाचा धूर चिरून त्याची वाट पडली. पूज्याच्या बाजूनं जाताना त्यानं त्याला गिरकी दिली, पुढं सटकला आणि कड्यावर आदळला. लगोलग, त्याच्या शेपटाला धरून, पूज्य.

मग काहीच नाही. इंजिनाची धापसुद्धा नाही. आबा छातीवर हात धरून उभे. आणि कड्यातून आबांच्या आवाजात, जरा खरखरत, आलं, "दहा."

बोगद्यातून गाडी बाहेर आली. तात्यांनी बोट दाखवत डबे मोजले, मागं ढकलणारं इंजिन दिसेपर्यंत. डबे दहा होते. ती गाडी आधीपासूनच दहा डब्यांची होती की माझ्या हाकेनं तशी झाली, असा प्रश्न मला फार पुढं एका शिकलेल्या पाहुण्यानं विचारला. मी म्हटलं, बाबा, ड्रायव्हरला विचार, मी तेव्हा गाडीकडं बघतच नव्हते. मी बघत होते आबांच्या गळ्याकडं. तिथं काहीतरी हललं, त्यांनी दोनदा थुंकी गिळली, आणि आवाज परत आल्यावर पहिलं वाक्य त्यांनी तात्यांना म्हटलं.

"तात्या, पोर अबोल न्हाई. आमी खोटं सांगितलं व्हतं. आवाज हिचा हाय, आन् आसाच हाय."

तात्या फेट्याशिवाय उभे होते. टक्कल उन्हात चमकत होतं. "ऐकला की," ते म्हणाले. "आबा, तुमचा जीव वाचला, देव पावला. पोर गुणाची हाय, त्यात काय बी शंका न्हाई. पर आमच्या घराला कौलं हायेत, वो. ती ऱ्हायची न्हाईत."

यात राग नव्हता, म्हणूनच जास्त लागलं. परत अंगणात आलो. आईनं सवयीनं शेवयांच्या वाट्या भरून आणल्या आणि मग कुणाला द्याव्यात ते न कळून हातात धरून उभी राहिली. तात्यांनी चूळ भरायला पाणी तेवढं घेतलं, गोडाला हात लावला नाही. याचा अर्थ आमच्याकडं शेंबडं पोरही सांगेल. मुलाची आई माझ्यापाशी आली, माझ्या गालावर हात ठेवला, हात गार होता, आणि दिराच्या मागोमाग वाट उतरायला लागली. मी उंबऱ्यावर बसले. तळेगाव चाललं होतं, डोळ्यांदेखत, एक फेटा झाडावर सोडून. आता मी हितंच राहणार, म्हशीला हाका मारणार, आणि त्या हाका आयुष्यभर माझ्याच अंगावर परत येणार, हे मला दिसत होतं. मला रडूही येईना, कारण रडले असते तर आबांना ते तीनदा ऐकावं लागलं असतं. आबा माझ्या शेजारी येऊन बसले. आवाज नुकताच आला होता, पण त्यांनी तो वापरला नाही.

लोणावळ्याकडं जाणारी वाट आमच्या घराखालून वळसा घेऊन समोरच्या धारेवर पुन्हा दिसते. तात्या पुढं, चालता चालता बोलत, हातवारे करत; एखाद्या घोड्याचंच असेल. मुलाची आई मागं. धारेवर पोचल्यावर ती थांबली. तात्या तसेच दहा-वीस पावलं पुढं गेले, त्यांना कळलंही नाही. आधी मला वाटलं पायात काटा मोडला असेल. ती वळली. डोक्यावरचा पदर सरळ केला. मग तिनं दोन्ही हातांचे तळवे तोंडाला लावले, आणि मी इतका वेळ तिच्याकडं बघत होते तरी तो आवाज तिचा आहे हे मला आधी पटलंच नाही. बारीक, चिरका, मध्येच फुटणारा, वर्षानुवर्षं न वापरलेला.

"ओ विहीणबाऽई!"

कड्यानं तो उचलला. विहीणबाई, विहीणबाई, करत तो आमच्या अंगणात आला, खाचरावरून गेला, पुन्हा आला. विहीण कुणाला म्हणतात हे काय सांगायला पाहिजे? तात्या जागच्या जागी थांबले आणि हाक कुठून आली म्हणून कड्याकडं बघायला लागले. त्यांच्या वहिनीनं त्यांच्याकडं बघितलंच नाही. ती आमच्या दाराकडं बघत हात तोंडाशी धरून उभी होती, उत्तराची वाट बघत.

आई शेवयांची वाटी घेऊन तशीच उभी. तिनं आयुष्यात कधी अंगणाबाहेर मोठ्यानं आवाज काढला नव्हता. ती आबांकडं बघायला लागली, आबा जमिनीकडं बघायला लागले. ते हसत होते की काय होतं, मला कळलं नाही.

"आगं ओ दे की," मी म्हणाले. "तुलाच बोलवत्यात."

आईनं वाटी माझ्या मांडीवर ठेवली. अंगण ओलांडून ती टेकाडाच्या पायथ्याशी गेली, पदर कमरेला खोचला, आणि दरीच्या पार ओरडली, "शेवया निवल्या की वो! माघारी या!"